खलाशांच्या पोत्यांचं अपील

तमाम रत्नागिरीकर, आणि पोट भरायला रत्नागिरीबाहेर गेलेले रत्नागिरीकर, यांस कळवण्यात येतं की आमच्या गावात एका माणसाने पूर्ण शुद्धीवर असताना, कोणीही गळा धरलेला नसताना, वकिलाची फी आधीच पोचती झालेली असताना आणि जिंकण्याची शक्यता डोळ्यांसमोर दिसत असताना, भर कोर्टात आपलं अपील काढून घेतलं. असा प्रकार गावाच्या इतिहासात त्यापूर्वी झाला नव्हता आणि त्यानंतरही झालेला माझ्या ऐकिवात नाही. तो करणारा माझा सख्खा थोरला भाऊ. त्याची नोंद कुठल्याही सरकारी दप्तरात धड नाही, म्हणून ती करण्याची जोखीम मी आपल्या अंगावर घेतो आहे.

आमच्याकडच्या माणसाला कोर्ट म्हणजे काय असतं, ते आधी सांगायला हवं. ज्यांचा स्वतःचा दावा नसे तेही सकाळची पेज आटोपून, अंगरखा चढवून, दुसऱ्यांचे दावे ऐकायला जाऊन बसत. आमच्या आळीतल्या एका पेन्शनरांची खिडकीखालच्या बाकावर जागा ठरलेली होती. गाण्याच्या बैठकीत जाणकाराने मान हलवावी तशी ते उलटतपासणीला मान हलवत. एखाद्या वकिलाचा प्रश्न फसला तर ते हळूच उठून तंबाखू थुंकून येत, आणि त्या वकिलाला तो दिवस जड जाई. अशा गावात अपील काढून घेणं म्हणजे भरल्या मांडवातून नवऱ्यामुलाने उठून जाणं.

आमची बंदरावर खोबऱ्याची वखार होती. वडिलांनी घातलेली, दादांनी वाढवलेली. मी पंचविशीचा, थोडं इंग्रजी शिकलेला, म्हणून पत्रव्यवहार आणि कोर्टाचे कागद माझ्याकडे. दादांचं स्वतःचं एक गलबत होतं. ते मलबारातून खोबरं घेऊन येई, आणि त्यावरचा तांडेल आमच्या वडिलांच्या वेळेपासूनचा. तांडेल म्हणजे गलबताचा कप्तान. पण आमचा तांडेल कप्तानापेक्षा एखाद्या देवळाच्या गुरवासारखा दिसे आणि वागेही तसाच. सुकाणूला हात लावण्यापूर्वी तो पायातलं काढून ठेवायचा.

बंदरावर एक जुना रिवाज होता. प्रत्येक खलाशाला गलबतातून आपली म्हणून दोनतीन पोती बिनभाड्याने आणता येत. पगार तुटपुंजा असे, तो या पोत्यांवर भरून निघे. त्यांच्या पोत्यांतही खोबरंच; मग ओळखायचं कसं? तर शेटची पोती सुतळीने शिवलेली असत, आणि खलाशाच्या पोत्याचं तोंड त्याच्या घरच्या बाईच्या जुन्या लुगड्याच्या काठाने बांधलेलं असे. हंगामाच्या सुरुवातीला बायका तो काठ फाडून नवऱ्याच्या नाहीतर मुलाच्या हातात देत. गलबत परत आलं की त्याच बायका धक्क्यावर उभ्या राहून नुसत्या चिंधीवरून आपलं पोतं दाखवत. त्यात कधी गफलत होत नसे. एकदा मात्र एकीने दुसरीच्या पोत्यावरचा जरीचा काठ पाहिला, आणि हे लुगडं तू मला कधी दाखवलंच नव्हतंस म्हणून तिथेच तासभर भांडण काढलं. पोती बाजूलाच राहिली.

त्या वर्षी जकात नाक्यावर नवे साहेब आले. माणूस नियमाने चालणारा आणि हात न पसरणारा, त्यामुळे बंदरावर घबराट पसरली. त्यांनी आमचं गलबत स्वतः उभं राहून रिकामं करून घेतलं आणि पोती दादांनी दिलेल्या यादीशी ताडून पाहिली. पोती जास्त भरली. भरणारच, कारण खलाशांची पोती कोणताच व्यापारी आपल्या यादीत घालत नसे. ती त्याची नव्हतीच. पण साहेबांच्या नियमात रिवाजाला जागा नव्हती. गलबत तुमचं, माल तुमचा, यादीत नाही म्हणजे लपवलेला. त्यांनी ती पोती जप्त केली, चिंध्या कापून एका पिशवीत भरून ठेवल्या, आणि जकात अधिक दंड असा हुकूम काढला. त्यांचं काही चुकलं असं मी आजही म्हणणार नाही.

दंड दादांना जड नव्हता. दादांना झोंबला तो हुकमातला एक शब्द. ‘माल लपवून आणला.’ ते साहेबांकडे गेले आणि म्हणाले, पैसे आत्ता घ्या, तेवढा शब्द काढा. साहेब म्हणाले, शब्द काढला तर पैसे कशाबद्दल घेतले ते काय लिहू? दोघांचंही म्हणणं बरोबर, आणि अशी बरोबर असलेली दोन माणसं समोरासमोर आली की मधे वकील लागतो.

आता गाव म्हणजे गाव. दुकानात गिऱ्हाईक खोबऱ्याच्या वाट्या हातात घेऊन विचारायचं, यातल्या यादीतल्या कुठल्या आणि लपवलेल्या कुठल्या? हसून विचारायचं, त्यामुळे रागावताही येत नसे. देवळाच्या उत्सवाच्या वर्गणीची पेटी वडिलांपासून आमच्या घरी असे. दादांनी एका सकाळी ती आपणहून नेऊन परत केली. ती कोणी मागितली नव्हती. पण राहू दे तुमच्याकडे, असंही कोणी म्हणालं नाही. त्या दिवशी दादा जेवले नाहीत, आणि त्या दिवसापासून ते बाजारपेठेतून न जाता मागच्या पाणंदीने वखारीत जाऊ लागले.

पहिला दावा आम्ही हरलो. का हरलो, तर आमच्या तांडेलामुळे. समोरच्या वकिलांनी त्याला साधा प्रश्न विचारला: गलबतातल्या मालात तुझं काही होतं? तांडेलाने छाती पुढे काढली, दादांकडे पाहून मायेने हसला, आणि म्हणाला, माझं काही नाय, सगळं शेटचं. बाकीच्या खलाशांचं? त्यांचंही नाय. गलबतात जे असतं ते शेटचंच असतं. खिडकीखालच्या पेन्शनरांनी आधी डोळे मिटले, मग तंबाखू थुंकायला बाहेर गेले, ते परत आलेच नाहीत. आमच्या वकिलांनी हातातला कागद उलटा धरला होता, तो तसाच धरून ते वाचत राहिले.

कोर्टाच्या पायऱ्यांवर दादांनी तांडेलाला गाठलं. दादा एरवी त्याला अहोजाहो करत; त्या दिवशी ते सुटलं.

“तू बुडवलंस मला. तुझी पोती होती की नव्हती?”

“होती की. तीन होती.”

“मग तसं सांगायला जीभ झडली होती?”

तांडेलाने इकडेतिकडे पाहिलं आणि आवाज उतरवला. गलबत पाण्यात असताना त्यातल्या कशालाही आपलं म्हणायचं नसतं, हे त्याच्या बापाने त्याला सांगितलं होतं. शेटचं म्हणावं, देवाचं म्हणावं. आपलं म्हटलं की दर्या ऐकतो आणि मागायला येतो.

“अरे, तू कोर्टात उभा होतास. गलबतात नव्हतास.”

“मी नव्हतो. पण गलबत अजून पाण्यात हाय ना, शेट.”

खरंच होतं. पायऱ्यांवरून खाली बंदरातल्या आमच्या गलबताची डोलकाठी दिसत होती. मला हसू फुटलं. दादांनी माझ्याकडे असं पाहिलं की ते मी गिळलं, आणि मग चारपाच पायऱ्या उतरल्यावर दादाच हसायला लागले. दावा हरलेला माणूस कोर्टाच्या दारात पोट धरून हसतो आहे, हे त्या दिवशी बऱ्याच लोकांनी पाहिलं आणि आपापल्या परीने त्याचा अर्थ लावला.

मग अपील. आमचे वकील गोल, गोरे, आणि बोलताना स्वतःच्याच वाक्याला थोडं थांबून दाद देणारे होते. त्यांना त्या चिंध्यांच्या पिशवीची आठवण झाली. ते म्हणाले, बायका येतील, एकेक चिंधी उचलून आपली म्हणून दाखवतील, हवं तर त्याच लुगड्याचा उरलेला तुकडा घरून आणून जोडून दाखवतील. यावर कुठला जज्ज नाही म्हणेल? असं बोलून ते थांबले. जिल्हा जज्जांनीही बायकांची साक्ष घ्यायचं मान्य केलं. राहिला तांडेल. त्याचं आधीचं उत्तर कागदावर होतं, ते त्यानेच येऊन समजावून सांगायला हवं होतं. तारीख पडली कोर्टाच्या उन्हाळी सुट्टीनंतरची, आणि तांडेल खूश झाला. पावसाच्या तोंडावर गलबतं किनाऱ्यावर ओढून, वर झावळांची छपरं घालून ठेवतात. एकदा गलबत वर ओढलं की मी हवं ते बोलतो, शेट, तो म्हणाला; माझी पोती, माझी चिंधी, माझी बायको, सगळं माझं म्हणतो. तारखेच्या आधी गलबत वर असेल, हा माझा शब्द.

तो शब्द त्याने दिला नसता तर बरं झालं असतं.

त्या हंगामाच्या शेवटच्या फेरीला गलबतावर तांडेल धरून आठजण होते. परतताना वैशाखाच्या अखेरीस वारा फिरला. विजयदुर्गाच्या खाडीत बाकीची गलबतं आत शिरून नांगर टाकून बसली. त्यांतल्या एकाच्या तांडेलाने पुढे आम्हाला सांगितलं की त्याने आमच्या गलबताला हाका मारल्या, आत ये म्हणून हात केले. आमच्या तांडेलाने तोंडाशी दोन्ही हात धरून ओरडून उत्तर दिलं, आणि गलबत तसंच उत्तरेला गेलं. काय म्हणाला, असं दादांनी विचारलं. तो माणूस सांगायला तयार नव्हता. पुन्हा विचारल्यावर खाली पाहून म्हणाला, कोर्टाची तारीख आहे, असं म्हणाला.

चार दिवसांनी पूर्णगडाच्या बाजूला वाळूत काही फळ्या लागल्या. सुकाणूचा तुकडा, पाण्याचं पिंप, एका दोराचं वेटोळं. माणूस एकही नाही.

दादा रोज पहाटे धक्क्यावर जाऊन उभे राहायचे. कोणी काही बोललं तर त्यांना ऐकू येत नसे. घरी ते माझ्याशी फक्त खोबऱ्याच्या भावाबद्दल बोलायचे. पाणंदीने जायचं मात्र त्यांनी सोडलं. आता बाजारपेठेतून जायचे, सरळ मधून, आणि लोक आपणहून बाजूला व्हायचे.

कोर्टाची सुट्टी संपायला आली तेव्हा वकिलांनी आम्हाला बोलावून घेतलं. ते वाईट माणूस नव्हते. त्यांनी आधी बराच वेळ दुःख केलं, आणि ते खरं होतं. मग चष्मा पुसून म्हणाले, पण अपील आता पूर्वीपेक्षा भक्कम आहे. तांडेलाला आता कोणी उलट विचारू शकत नाही. बायका उभ्या राहतील, चिंध्या हातात घेतील. समोरचे वकील पहिला प्रश्न विचारतील की तुझा नवरा कुठे आहे, तो स्वतः का आला नाही. तिने सांगायचं, बुडून मेला. एवढं एक वाक्य. त्यानंतर कोर्टात कोणाची मान वर होणार नाही. असं म्हणून ते सवयीने थांबले, आणि मग त्यांचं त्यांनाच कसंसं झालं असावं. त्यांनी घाईने पानाचा डबा पुढे केला. दादांनी घेतला नाही. पण नको असंही म्हणाले नाहीत. तो शब्द हुकमातून निघणार होता. वर्गणीची पेटी परत येणार होती. वडिलांच्या वखारीवरचा डाग जाणार होता. दादा एवढंच म्हणाले, आधी तांडेलीणकाकींना भेटतो.

खाडीपलीकडे त्यांचं घर. आम्ही तरीने गेलो. काकी अंगणात बसून सुकटीतला कचरा निवडत होत्या. कपाळावर कुंकू होतं, ठसठशीत. हातात हिरव्या बांगड्या. आठही घरांतून एकाही बाईने बांगड्या उतरवल्या नव्हत्या, कारण काकींनी उतरवल्या नव्हत्या. सगळ्या त्यांच्याकडे पाहून होत्या. गावातली शहाणी माणसं येऊन सांगून गेली होती, भटजीही येऊन गेले होते. काकींनी सगळ्यांना चहा दिला होता. आम्हालाही दिला.

दादांनी साक्षीचं सांगितलं. काकींना त्यात काहीच जड वाटलं नाही. चिंधी ओळखायची ना, ओळखते की, म्हणाल्या. अंजिरी लुगडं, पिवळा काठ, मीच फाडला. मग दादा म्हणाले, काकी, वकील प्रश्न विचारतील, जरा सवय करून ठेवू. आणि माझे दादा, ज्यांनी आयुष्यात कधी नाटकात तोंड रंगवलं नाही, ते अंगणात उभे राहिले आणि समोरच्या वकिलासारखा आवाज काढून विचारू लागले. तुझं नाव काय? गाव कुठलं? ही चिंधी कोणाची? काकी पदर सावरून, खणखणीत उत्तरं देत होत्या. शेजारची पोरं कुंपणाशी येऊन हसत होती. मलाही मजा वाटत होती, हे लपवत नाही.

“तुझा नवरा कुठे आहे?”

“येतायत,” काकी म्हणाल्या. “वाऱ्याला थांबलेत.”

दादांनी घसा साफ केला. त्यांना वाटलं काकी दादांशी बोलल्या, वकिलाशी नव्हे. त्यांनी पुन्हा तोच आवाज काढला, पण तो आता नीट निघत नव्हता. नवरा कुठे आहे? काकींनी तेच उत्तर दिलं, त्याच खणखणीत आवाजात, आणि मग सुपात मान घातली. त्यांच्या मागे भिंतीतल्या खुंटीवर एक नवीकोरी चिंधी लटकत होती. तांबड्या काठाची, नुकतीच फाडलेली; दोरे अजून सुटलेले होते. पुढच्या हंगामाची.

दादांनी ती पाहिली. मी पाहिली. दादांनी तिसऱ्यांदा विचारलं नाही. परत येताना तरीत पाणी शांत होतं आणि तरवाल्याला बोलायची हौस होती. पलीकडे पोचेपर्यंत तो एकटाच बोलला.

घरी आल्यावर दादांनी मला पुरशिस लिहायला सांगितली. पुरशिस म्हणजे पक्षकाराने कोर्टाला सहीनिशी दिलेलं निवेदन. अपेलंटास अपील पुढे चालवण्याची इच्छा नाही, सबब काढून घेण्यास परवानगी असावी. मी विचारलं, कारण काय घालू? दादा म्हणाले, कारण घालायचंच असेल तर वकिलांना घालू दे. मी म्हटलं, दादा, तो शब्द मग कायमचा राहील. ते म्हणाले, राहील.

तारखेला कोर्ट तुडुंब भरलं होतं. पेन्शनर आपल्या पाहुण्यांना घेऊन आले होते. बुडालेल्यांच्या बायका येणार, चिंध्या ओळखणार, अशी बातमी दापोलीच्या बाजूपर्यंत गेली होती. मुद्देमालाची ती पिशवी टेबलावर मांडून ठेवलेली होती. समोरचे वकील रात्रभर जागून आल्यासारखे दिसत होते आणि त्यांच्यापुढे पुस्तकांची चळत होती. आमच्या वकिलांनी उठून पुरशिस दिली. त्या दिवशी त्यांनी आपल्या वाक्याला दाद दिली नाही. समोरच्या वकिलांचं तोंड उघडंच राहिलं. पेन्शनर उभे राहिले, आणि शिपायाने त्यांना खाली बसवेपर्यंत उभेच होते.

जज्जसाहेब गुजरातेकडले, शांत गृहस्थ. त्यांचं मराठी पुस्तकी होतं. त्यांनी कागद वाचला, पुन्हा वाचला, आणि दादांना पुढे बोलावलं. कोणी धमकी दिली आहे का, विचारलं. दादा नाही म्हणाले. बाहेर काही तडजोड झाली आहे का? नाही. तुम्ही सुशिक्षित दिसता, साहेब म्हणाले, तर तुम्हाला समजत असेल की अपील काढलं म्हणजे खालचा हुकूम कायम झाला. वकिलांनी दादांना उत्तर पढवून ठेवलं होतं: घरगुती कारणास्तव. हे दोन शब्द दादा सकाळपासून पुटपुटत होते, मी ऐकलं होतं.

“म्हणजे ती सगळी पोती तुमचीच होती,” जज्जसाहेबांनी लेखणी उचलली, “असं मी लिहावं काय?”

दादांनी टेबलावरच्या पिशवीकडे पाहिलं. पिशवीच्या तोंडातून एक पिवळा काठ बाहेर आला होता. पढवलेले दोन शब्द त्यांना आठवले नाहीत, किंवा आठवले आणि चालले नाहीत. भरल्या कोर्टात, सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात, दादा बोलून गेले:

“लिहा, साहेब. गलबत अजून पाण्यात आहे.”